निजामाची राजवट आणि आपल्या आज्या

(सामुदायिक रेडिओवर सप्टेंबर महिन्यात झालेलं भाषण)

आम्ही भोसरीहून बोलतोय. आमच्या बचत गटात वीस जणी आहोत आणि आजचं भाषण एकीनं लिहिलेलं नाही. चार मंगळवार बसून आम्ही ते मिळून जुळवलंय. वाचणारी एक असली, तरी बोलणाऱ्या सगळ्याच आहोत असं समजा.

१७ सप्टेंबरला आमच्या एमआयडीसीतल्या पुष्कळ वर्कशॉपमध्ये विश्वकर्मा पूजा असते. लेथ मशीन धुऊन पुसून हार घालतात, पेढे वाटतात. त्याच दिवशी सकाळी लातूरला, बीडला, नांदेडला, धाराशिवला झेंडावंदन असतं. तो मराठवाडा मुक्तिसंग्रामाचा दिवस. आमच्या वीस जणींपैकी बारा जणींचं माहेर नाहीतर सासर मराठवाड्यातलं आहे. कुणाचे सासरे बहात्तरच्या दुष्काळानंतर इकडे आले, कुणी लग्न होऊन आली, कुणी ऊसतोड सोडून कंपनीत लागली. पण आपल्या पोरांना विचारा, १७ सप्टेंबरला काय झालं? ती पेढ्याचं सांगतील.

यात पोरांची चूक नाही. भोसरी पुणे जिल्ह्यातली, म्हणजे इंग्रजांच्या थेट ताब्यातली. शेजारी चिंचवडला चापेकर बंधूंचं घर आहे. तिथं शाळेची सहल जाते, रँडची गोष्ट पोरांना पाठ असते. पण बार्शीच्या पुढं, जामखेडच्या पुढं गेलं की इंग्रजाचं राज्य संपून दुसरंच राज्य लागायचं. तिथं नाणं वेगळं होतं. निजामाचा तो हाली रुपया, आणि इंग्रजांचा तो कलदार. सात हाली द्यावेत तेव्हा सहा कलदार मिळायचे. हद्दीवर करोडगिरीचा नाका असायचा, तिथं मालावर जकात द्यावी लागे. माहेरहून लेकीला काही पाठवायचं म्हटलं तरी एका राज्यातून दुसऱ्या राज्यात पाठवल्यासारखं होतं. आज आपण रात्री ट्रॅव्हल्समध्ये बसतो आणि सकाळी लातूरला उतरतो, वाटेत सरहद्द कुठं होती ते कळतही नाही.

त्या राज्याचं नाव हैदराबाद संस्थान. आसफजाही घराण्यानं १७२४ पासून ते चालवलं. शेवटचा निजाम मीर उस्मान अली खान १९११ साली गादीवर आला. राज्यात सोळा जिल्हे होते. मराठी बोलणारे पाच, म्हणजे औरंगाबाद, बीड, परभणी, नांदेड आणि उस्मानाबाद. लातूर आणि जालना हे जिल्हे पुढं यांच्यातूनच झाले. बाकीचे तेलुगू आणि कानडी. लोकसंख्या दीड कोटीच्या वर. राजा किती श्रीमंत? १९३७ साली अमेरिकेतल्या टाइम मासिकानं मुखपृष्ठावर त्याचं चित्र छापून त्याला जगातला सगळ्यात श्रीमंत माणूस म्हटलं होतं. राज्यातली सुमारे दहावा हिस्सा जमीन त्याची खाजगी होती, तिला सर्फ-ए-खास म्हणत. तिचा सारा सरकारी तिजोरीत जायचा नाही, तर राजाच्या स्वतःच्या खिशात जायचा. आणखी जवळजवळ तिसरा हिस्सा जहागीरदारांकडं होता.

खरं ते सांगायला हवं. या निजामानं हैदराबादला मोठा दवाखाना बांधला, धरणं बांधली, १९१८ साली उस्मानिया विद्यापीठ काढलं. पण विद्यापीठात शिकायची भाषा उर्दू. वरची शाळा उर्दू, कचेरी उर्दू, कोर्ट उर्दू. बीडच्या शेतकऱ्याच्या नावानं निघालेला कागद त्याला वाचता यायचा नाही, आणि त्याच्या बायकोला तर मराठी कागदसुद्धा वाचता यायचा नाही. तिच्यावर दोन कुलपं होती म्हणायची.

सभा घ्यायची तरी आधी परवानगी लागे. गश्ती निशान ५३ नावाचं एक फर्मान होतं, आणि त्याच्यामुळं लोकांनी चार जण जमवून बोलायचं म्हटलं तरी ते सरकारला विचारून. म्हणून तिकडच्या शहाण्या माणसांनी आधी वाचनालयं काढली, गणपती बसवले, शाळा काढल्या. हिप्परग्याची राष्ट्रीय शाळा, अंबाजोगाईचं योगेश्वरी विद्यालय ही नावं तुमच्यापैकी काही जणींनी घरात ऐकली असतील. या दोन्ही शाळांत शिकवणारे व्यंकटेश खेडगीकर म्हणजेच पुढचे स्वामी रामानंद तीर्थ. महाराष्ट्र परिषदेचं पहिलं अधिवेशन १९३७ साली परतूरला झालं. दुसऱ्या वर्षी स्टेट काँग्रेस निघाली आणि निघण्याआधीच तिच्यावर बंदी आली. ऑक्टोबर १९३८ मध्ये सत्याग्रह झाला, गोविंदराव नानल पहिल्या तुकडीत तुरुंगात गेले. त्याच हिवाळ्यात वसतिगृहात वंदे मातरम् म्हटलं म्हणून पोरांना कॉलेजातून काढलं. मागणी काय होती? राजा घालवा, अशी सुद्धा नव्हती सुरुवातीला. राजानं लोकांनी निवडलेल्या मंत्र्यांच्या सल्ल्यानं चालावं, एवढीच होती. तिला जबाबदार राज्यपद्धती म्हणत.

इथं थोडं लांबचं एक सांगतो, कारण आमच्या गटात यावर फार बोलणं झालं. ज्या इंग्रजांनी आपल्याकडं सहाशेच्या आसपास राजेरजवाडे सांभाळून ठेवले, त्या इंग्रजांनी स्वतःच्या राजाचं मुंडकं उडवलेलं आहे. चार्ल्स नावाचा राजा. देवानंच आपल्याला राज्य दिलंय, लोकांना जाब देण्याचं कारण नाही, असं त्याचं म्हणणं. पार्लमेंट त्यानं अकरा वर्षं भरवलीच नाही आणि तिला न विचारता कर बसवले. १६४२ साली राजाची फौज आणि पार्लमेंटची फौज यांच्यात लढाई सुरू झाली, भाऊ भावाविरुद्ध उभा राहिला. शेवटी राजावर खटला चालवून ३० जानेवारी १६४९ ला लंडनमध्ये भर चौकात त्याचा शिरच्छेद केला. आपल्याकडं तेव्हा शिवाजी महाराज अठरा-एकोणीस वर्षांचे होते. अकरा वर्षं इंग्लंडला राजा नव्हता. मग १६६० साली त्यांनी त्याच राजाच्या पोराला बोलावून गादीवर बसवलं.

आम्हाला त्यातली राजाची गोष्ट तेवढी धरून ठेवावीशी वाटली नाही. जी वाटली ती अशी. राजा मारल्यावर त्याच वर्षी लंडनच्या बायका हजारोंच्या संख्येनं अर्ज घेऊन पार्लमेंटच्या दारात गेल्या. लोकांना सरसकट हक्क द्या म्हणणारे काही पुढारी नव्या सरकारनंच तुरुंगात टाकले होते, त्यांना सोडा म्हणून. उत्तर काय मिळालं? घरी जा आणि आपली घरकामं बघा. आमच्यातल्या एकीनं हे ऐकल्याबरोबर म्हटलं, "म्हणजे ग्रामसभाच की!" ग्रामसभेत सांडपाण्याचा प्रश्न विचारला की 'ताई, तुम्ही बसा' असं सांगणारे आपल्याला ठाऊक आहेत.

आता परत निजामाकडं येऊ. जून १९४७ मध्ये निजामानं फर्मान काढलं की १५ ऑगस्टला इंग्रज गेले की आपण स्वतंत्र राजे. भारतात नाही, पाकिस्तानात नाही. म्हणजे भोसरीत, पुण्यात, सोलापुरात झेंडे लागले आणि पन्नास कोसांवर झेंडा लावला तर तुरुंग. ७ ऑगस्टला स्टेट काँग्रेसनं भारतात सामील व्हा म्हणून दिवस पाळला, १५ ऑगस्टला स्वामीजींना पकडलं. वकिलांनी कोर्टं सोडली, पोरांनी शाळा सोडल्या. २९ नोव्हेंबरला दिल्ली आणि निजाम यांच्यात 'जैसे थे' करार झाला, पण गावात जैसे थे काही राहिलं नाही.

एक तर लेव्ही. लढाईच्या वर्षांपासून सरकार शेतकऱ्याच्या खळ्यावरून ठरावीक धान्य ठरावीक भावानं उचलायचं. पीक झालं की नाही ते बघणारा कोणी नाही. मराठवाड्यातल्या वाड्यात, माळवदाच्या घरात भिंतीत बळद असायचं, अंगणात पेव असायचं. ज्वारी कुठं किती आहे हे पुरुषाला माहीत असो नसो, बाईला माहीत असायचं. आमच्या गटातल्या दोघींनी आजीकडून ऐकलेलं आहे की लेव्हीवाले आले की ज्वारी गोवऱ्यांच्या उडव्यात लपवायची आणि वर बसून राहायचं. लेव्ही देऊ नका, शिंदीची झाडं तोडा, असा कार्यक्रम चळवळीनं दिला. शिंदी का? दारूचा पैसा राजाच्या तिजोरीत जायचा म्हणून. आज आपण दारूबंदीसाठी मतदान मागतो तेव्हा ही जुनी गोष्ट सांगायला हरकत नाही.

दुसरं, वेठ. साहेब दौऱ्यावर आला की गावानं गाडीबैल द्यायचे, कोंबडी द्यायची, दूध द्यायचं, फुकट राबायचं. महार, मांग, चांभार, कुंभार यांच्या वाट्याला सगळ्यात जास्त वेठ. त्यांच्या बायकांच्या वाट्याला पाणी आणि दळण. आणि हे विसरता येत नाही की ही वेठ घेणारे सगळे मुसलमान नव्हते. देशमुख, पाटील, सावकार आपलेच होते, जहागीरदारांतही हिंदू होते. तेलंगणात चाकली ऐलम्मा नावाच्या परटिणीनं पालकुर्ती गावात जी लढाई दिली ती एका देशमुखाविरुद्ध. तिनं खंडानं घेतलेली चार एकर जमीन आणि उभं पीक देशमुखाचे लोक न्यायला आले, तेव्हा तिनं संघटनेच्या पोरांना घेऊन पीक घरी आणलं. तिचं घर जाळलं, तरी तिनं जमीन सोडली नाही. आमच्या मते निजामाच्या मुलखातली ही सगळ्यात मोठी गोष्ट आहे, पण मराठीत ती फारशी सांगत नाहीत.

तिसरं, रझाकार. लातूरचा वकील कासिम रझवी हा त्यांचा पुढारी. राजाचं राज्य टिकवण्यासाठी उभी केलेली ही खाजगी फौज. यांनी गावं लुटली, जाळली. मे १९४८ मध्ये बिदर जिल्ह्यातल्या गोरटा गावात मोठी कत्तल झाली. लोकांनी घरंदारं सोडून बार्शीला, सोलापूरला, नगरला आसरा घेतला. सरहद्दीच्या या बाजूला बार्शी, मनमाड, लोणार, उमरखेड असे ठिकठिकाणी चळवळीचे कॅम्प पडले. तरुण पोरं रात्री हद्द ओलांडून जायची, नाका जाळायची, पूल उडवायची आणि परत यायची. उमरखेडच्या कॅम्पातल्या लोकांनी ३० जानेवारी १९४८ ला नांदेड जिल्ह्यातली उमरीची सरकारी बँक लुटली, वीस लाखांच्या वर रक्कम हाती लागली आणि तिचा हिशेब ठेवला गेला. त्याच संध्याकाळी दिल्लीत गांधीजींना मारलं.

आता आपल्या आज्यांकडं येऊ.

दगडाबाई शेळके हे नाव काहींनी ऐकलं असेल. जालन्याजवळ बदनापूर तालुक्यातलं धोपटेश्वर हे त्यांचं गाव. पुरुषाचा पोशाख करून, घोड्यावर बसून त्या हत्यारं आणि हातबॉम्ब पोचवायच्या. मराठवाड्याची झाशीची राणी म्हणतात त्यांना. आम्हाला या म्हणण्याची थोडी गंमत वाटते. झाशीची राणी ही राणी होती. दगडाबाई शेतकऱ्याघरची बाई होती आणि राजाविरुद्ध लढत होती. मग तिला राणी कशाला म्हणायचं? भूम तालुक्यातल्या ईटच्या गोदावरीबाई टेके रझाकारांशी लढता लढता गेल्या. आशाताई वाघमारे, गीताबाई चारठाणकर यांच्यासारख्या शिकलेल्या बायका चळवळीत उघड उतरल्या. ही नावं पुस्तकात आहेत, थोडी का होईनात.

पण कॅम्पात शंभर माणसं असली तर दिवसाला किती भाकऱ्या? आमच्या गटाची खानावळ आहे. एमआयडीसीतल्या पन्नास पोरांचे डबे आम्ही रोज भरतो. एका पोराला दोन वेळच्या मिळून पाच भाकऱ्या धरा, म्हणजे शंभरांना पाचशे. जात्यावर दळलेली ज्वारी, चुलीवरच्या भाकऱ्या. आमच्याकडं गिरणी आहे, गॅस आहे, तरी पन्नास डब्यांना आम्हा सहा जणींचे पहाटेपासून हात रिकामे नसतात. तेव्हा या पाचशे भाकऱ्या कोणी केल्या? आणि हद्दीच्या पलीकडं, जिथं रात्री मुक्कामाला आलेल्या पोरांना जेवू घातलं म्हणून घर जाळलं जायचं, तिथं कोणी केल्या? शेजारच्या घरात दिवा का लागलाय हे विचारणारे होते. धूर दिसू नये म्हणून मध्यरात्री चूल पेटवायची, पहाटेच्या आत विझवायची. आमच्यातल्या एकीची आजी सांगायची की चिठ्ठी भाकरीच्या दुरडीत तळाला, वर चटणीची वाटी. नाक्यावरचा शिपाई सोवळं-ओवळं म्हणून दुरडीत हात घालायचा नाही. आजीनं निरोप नेला, पण काय लिहिलं होतं ते तिला वाचता येत नव्हतं. पकडली असती तरी सांगता आलं नसतं. म्हणूनच तिला पाठवत, असं ती हसून सांगायची.

पुढचं तुम्हाला माहीत आहे. १३ सप्टेंबर १९४८ ला पहाटे भारताची फौज शिरली, मोठी तुकडी सोलापूरकडून गेली, जनरल जयंतनाथ चौधरी तिचे प्रमुख. पहिल्याच दिवशी नळदुर्ग पडलं. १७ तारखेला निजामानं रेडिओवरून शरणागती जाहीर केली. अवघ्या पाच दिवसांत सव्वादोनशे वर्षांचं राज्य गेलं. राजाचं मात्र काही गेलं नाही. इंग्रजांनी चार्ल्सचं डोकं उडवलं, आपण निजामाला १९५० साली राजप्रमुख केलं. १९५६ साली संस्थानच तुटेपर्यंत तो त्या पदावर होता, आणि वर्षाला पन्नास लाखांचा तनखा. आमच्यात यावर दोन मतं आहेत. काही जणी म्हणतात, बरं झालं, रक्त वाचलं. काही म्हणतात, ज्याच्या नावानं गावं जळली त्याला खुर्ची दिली आणि जिनं भाकरी केली तिला साधा कागदसुद्धा नाही.

रक्त वाचलं म्हणावं, तर तेही सगळं खरं नाही. हा भाग भाषणात घ्यायचा की नाही यावर आम्ही एक अख्खा मंगळवार घालवला. घ्यायचं ठरलं. फौज आल्यावर ज्या गावांत रझाकारांनी लोकांना छळलं होतं, तिथं आणि जिथं छळलं नव्हतं तिथंही, साध्या मुसलमान माणसांना मारलं गेलं. विणकर, शेतमजूर, तांबोळी, ज्यांचा राजाशी काडीचा संबंध नव्हता. पंडित नेहरूंनी पंडित सुंदरलाल यांची समिती पाठवली. समितीनं मेलेल्यांचा आकडा सत्तावीस ते चाळीस हजार असा अंदाजे धरला. उस्मानाबाद, नांदेड, बिदर, गुलबर्गा या जिल्ह्यांत जास्त झालं असं नोंदवलं, आणि काही ठिकाणी गणवेशातले लोकही यात होते असं लिहिलं. तो अहवाल कितीतरी वर्षं बंद कपाटात होता. बायकांनी विहिरी जवळ केल्या. इंग्लंडातही असंच झालं होतं. राजाला मारून लोकांचं राज्य म्हणवणाऱ्या क्रॉमवेलची फौज त्याच १६४९ साली आयर्लंडात गेली आणि द्रोहेडा गावात तिनं हजारो माणसं कापली. आयरिश लोक ते अजून विसरलेले नाहीत.

आणि निजामाविरुद्ध लिहिणारे मुसलमान होते, हेही त्याच श्वासात सांगायचं. शोएबुल्ला खान हे हैदराबादच्या इमरोज नावाच्या उर्दू वर्तमानपत्राचे संपादक. संस्थान भारतात यावं असं त्यांनी उघड लिहिलं. ऑगस्ट १९४८ मध्ये, फौज यायला महिनासुद्धा राहिला नव्हता, रात्री घरी जाताना रझाकारांनी त्यांना ठार केलं. आमच्या गटात दोघी मुसलमान आहेत, दोघींचं माहेर उदगीरकडचं. त्यातली एक म्हणाली, "आमच्या घरात सतरा सप्टेंबरला कुणी बोलत नाही. पणजोबा त्याच महिन्यात गेले." आम्ही वर्षानुवर्षं शेजारी बसून पापड लाटतो, पण हे आम्हाला या भाषणामुळं कळलं. ते लिहू का विचारलं, तर लिही म्हणाली, नाव नको.

राज्य गेल्यावर काय बदललं तेही थोडक्यात. १९४९ साली जहागिऱ्या गेल्या. १९५० साली कुळकायदा आला. पुष्कळ जमिनी कसणाऱ्याच्या नावावर झाल्या, म्हणजे कसणाऱ्या पुरुषाच्या. खुरपणारीचं नाव कुठंच लागलं नाही. तुमच्या घरचा सातबारा काढून बघा, इतर अधिकाराच्या रकान्यात तरी तुम्ही आहात का ते.

आणि १९७२ साली, स्वातंत्र्याला पंचवीस वर्षं झाली म्हणून केंद्र सरकारनं स्वातंत्र्यसैनिकांना पेन्शन सुरू केली. चांगलं केलं. पण त्यासाठी तुरुंगात होतो असा दाखला हवा, नाहीतर भूमिगत होतो असा कागद, नाहीतर ओळखीच्या मोठ्या सैनिकाचं शपथपत्र. ज्या बाईनं चूल पेटवली तिला कोण दाखला देणार? तुरुंगाच्या रजिस्टरात ती नाही, कारण ती पकडली गेली नाही. पकडली गेली नाही हेच तर तिचं काम होतं. उलट, बीड जिल्ह्यात ज्यांचा चळवळीशी संबंध नाही अशांनी पेन्शन घेतल्याच्या तक्रारी इतक्या झाल्या की न्यायमूर्ती पालकर आयोग नेमावा लागला. आमच्यातल्या एकीच्या आजेसासूचा अर्ज एका कचेरीतून तीन वेळा परत आला. चौथ्या वेळी त्या राहिल्या नाहीत.

तेलंगणात एक काम झालेलं आहे. हैदराबादच्या स्त्री शक्ती संघटनेच्या बायका १९८० च्या दशकात खेडोपाडी गेल्या, चळवळीतल्या म्हाताऱ्या बायकांना टेपरेकॉर्डरवर बोलतं केलं आणि त्याचं पुस्तक केलं. त्यात बायकांनी बंदुकीचंही सांगितलं आहे आणि लढाई संपल्यावर 'आता घरी जा, संसार करा' असं आपल्याच माणसांनी सांगितलं तेही सांगितलं आहे. तीनशे वर्षांपूर्वीच्या लंडनच्या बायकांना मिळालं तेच उत्तर.

मराठवाड्यात ज्या बाईचं वय तेव्हा दहा-बारा होतं ती आज नव्वदीच्या जवळ आहे. अशा आज्या भोसरीत आहेत, इंद्रायणीनगरात आहेत, दिघी रोडच्या चाळीत आहेत, चाकणला नातवाकडं येऊन राहिल्या आहेत. तुमच्या गावात असतील तर अजून बरं. आम्ही आतापर्यंत सात जणींशी बोललो. त्यात काही गोष्टी ध्यानात आल्या त्या सांगतो, तुम्हाला उपयोगी पडतील.

'तुम्ही स्वातंत्र्यलढ्यात काय केलं' असं विचारू नका. उत्तर येतं, "मी काय केलं बाई, मी घरातच होते." त्याऐवजी विचारा, तेव्हा घरात जेवायला किती माणसं असायची. रात्री कोणी यायचं का. ज्वारी कुठं ठेवायचात. घर सोडून जाताना काय काय बांधून घेतलं, काय पुरलं. परत आल्यावर काय सापडलं. विहिरीचं विचारताना जपून, सुनेसमोर नको, एकटीला विचारा. गावात मुसलमानांची घरं किती होती आणि नंतर किती उरली हेही विचारा, पण वाद घालू नका, सांगतील तेवढं ऐका. मोबाइलवर रेकॉर्डिंग लावून फोन उलटा ठेवा, समोर दिसला की आजी शुद्ध बोलायला लागते. दुपारच्या वेळी जा, पंखा बंद करा, नाहीतर नुसती घरघर येते. एका बैठकीत तासाच्या वर बसवू नका. आणि सुरुवातीला तिचं नाव तिच्याच तोंडून घ्या. माहेरचं पहिलं नाव, माहेरचं गाव, मग सासरचं. आम्ही भेटलेल्या सातांपैकी तिघींची लग्नात नावं बदललेली होती, आणि घरातल्या नातवंडांना त्यांचं पहिलं नाव माहीत नव्हतं.